आधी विसण

'विसण' हा शब्द मराठीतून हळूहळू निघून चालला आहे. कढत पाणी अंगाला सोसवावे म्हणून त्यात जे थंड पाणी घालायचे, ते विसण. काही भागांत त्याला 'इसण' म्हणतात. बंबातले पाणी घंगाळात काढायचे आणि मग त्यात विसण घालायचे, असा क्रम घरोघरी होता. पुढे गीझर आला, भिंतीत गरम-गार पाण्याचे दोन नळ आले आणि या शब्दाला फारसे काम उरले नाही. पण शब्दात एक गृहीत शिल्लक राहिले आहे: गरम पाणी आधी, थंड पाणी नंतर. मोठ्या माणसाच्या आंघोळीत हा क्रम चालून जातो. तान्ह्या बाळाच्या आंघोळीत तो उलटा करावा लागतो. का, ते पाहता पाहता आपल्याकडच्या न्हाण्याच्या सबंध रीतीचीच उलटतपासणी होते.

या रीतीविषयी हल्ली दोन प्रकारची माणसे भेटतात. आजीने सांगितले ते सगळे शास्त्र, असे मानणारी एक. डॉक्टर म्हणतील तेवढेच खरे, बाकी अडाणीपणा, असे मानणारी दुसरी. दोघेही न्हाण्याकडे एक अखंड वस्तू म्हणून बघतात. वास्तविक ती दहा-बारा वेगवेगळ्या कृतींची साखळी आहे. प्रत्येक कृतीला तीन प्रश्न विचारता येतात: ही कृती बाळाच्या अंगातल्या उष्णतेचे काय करते, कातडीचे काय करते आणि श्वासाचे काय करते? असे विचारले की साखळीतल्या काही कड्या भक्कम निघतात, काही निरुपयोगी आणि काही सरळसरळ घातक.

पायांची पन्हाळ

आधी ती रीत नीट पाहू. न्हाऊ घालणारी बाई सकाळी नऊ-दहाला येते. खोबरेल किंवा तिळाचे तेल कोमट करून बाळाचे अंग चोळते, टाळूवर तेल थापते. मग मोरीत पाटावर बसून दोन्ही पाय लांब सोडते, बाळाला नडग्यांवर आडवे करते. डाळीचे पीठ आणि दूध किंवा साय लावते, तांब्याने पाणी घालते, मग बाळाला पालथे करून पाठ धुते. शेवटचा तांब्या ओवाळून बाजूला ओतते. अंग पुसून बाळाला धुरीवर धरायचे, वेखंडाची पूड लावायची, तीट लावायची आणि दुपट्यात घट्ट गुंडाळायचे. त्यानंतर बाळ दोन-तीन तास गाढ झोपते आणि घरातल्यांना बाईच्या हातगुणाची खात्री पटते.

यातली सर्वांत हुशार गोष्ट म्हणजे ते लांब सोडलेले पाय. दोन नडग्यांच्या मधली खाच पन्हाळीसारखी असते. ओतलेले पाणी तिच्यातून वाहून जाते. बाळाच्या नाकातोंडाशी साचत नाही. बाळाला खाली पूर्ण आधार असतो आणि बाईचे दोन्ही हात जवळपास मोकळे राहतात. तेलाने निसटते झालेले अंग हातातून सुटले तरी ते मांडीवरच राहते, फरशीवर आपटत नाही. टबात नेमके उलटे असते. तिथे एक हात बाळाच्या मानेखालून घालून पलीकडचा दंड धरून ठेवण्यात अडकतो, तो शेवटपर्यंत काढता येत नाही.

मात्र टबाची एक बाजू बलवान आहे, आणि ती समजण्यासाठी थोडे गणित करावे लागेल.

दोन चमचे पाणी

तीन किलोच्या बाळाच्या कातडीचे क्षेत्रफळ साधारण ०.२ चौरस मीटर असते. साठ किलोच्या माणसाचे असते सुमारे १.६५. म्हणजे दर किलो वजनामागे बाळाची कातडी मोठ्या माणसाच्या जवळजवळ अडीचपट भरते. उष्णता कातडीवाटेच जाते, तेव्हा बाळ अडीचपट रुंद दारे उघडी टाकलेल्या घरासारखे असते. त्यात भर म्हणजे नवजात बाळाला मोठ्यांसारखे कुडकुडून ऊब निर्माण करता येत नाही. खांद्यांच्या मध्ये आणि मानेभोवती असलेली तपकिरी चरबी जाळून ते ऊब मिळवते. ही शिदोरी थोडी असते. कमी वजनाच्या बाळाकडे तर फारच थोडी.

आता पाणी. एक ग्रॅम पाण्याची वाफ व्हायला सुमारे ५८० कॅलरी उष्णता लागते. न पुसता राहिलेले दहा ग्रॅम, म्हणजे दोन चहाचे चमचे पाणी अंगावरून सुकले, तर ५,८०० कॅलरी खर्च होतात. तीन किलोच्या बाळाचे तापमान एक अंशाने उतरायला अडीच हजार कॅलरी पुरतात. ही सगळी उष्णता बाळाकडूनच जात नाही, काही हवेतून येते. तरी निम्मी धरली तर एक अंशाहून जास्त फरक पडला. बाळाचे निरोगी तापमान ३६.५ ते ३७.५ अंश सेल्सिअस. या एका अंशाच्या पट्टीत दोन चमचे पाणी एवढा गोंधळ घालू शकते.

म्हणून बाळाला गारठा लागतो तो आंघोळीच्या पाण्याने कमी आणि आंघोळीनंतरच्या ओलाव्याने जास्त. तांब्याने आंघोळ घालताना ओले अंग सतत उघड्या हवेत असते. ओल्या फडक्याने एकेक अवयव पुसत गेले तरी तेच होते. टबातल्या कोमट पाण्यात खांद्यापर्यंत बुडालेल्या बाळाच्या अंगावरून पाणी उडत नाही. त्यामुळे स्पंजिंगपेक्षा टबातल्या आंघोळीत नवजात बाळाचे तापमान कमी उतरते, असे रुग्णालयांतल्या तुलनांमध्ये दिसले आहे. पायांची पन्हाळ बुडण्यापासून वाचवते, टब गारठ्यापासून. कोणतीही निवडली तरी तिच्या उणिवेची भरपाई आपण करायची. पायांवर घालणार असाल तर हात चपळ हवा, पाच ते दहा मिनिटांत आटपायला हवे. टब असेल तर पाणी चार बोटे खोल पुरे आणि हात क्षणभरही सुटता कामा नये.

दोन्हीकडे पुसण्याचा क्रम एकच: आधी डोके. बाळाचे डोके अंगाच्या मानाने मोठे असते, कातडीचा सुमारे पाचवा हिस्सा तिथेच असतो. कोरडे दुपटे आधीच पसरून ठेवलेले हवे, पंखा बंद हवा. पुसल्यावर आईच्या उघड्या छातीशी बाळ घेऊन वरून पांघरूण घातले, तर शेगडीची गरज पडत नाही.

पहिली आंघोळ कधी?

बाळ जन्मले की लगेच न्हाऊ घालायची पद्धत आपल्याकडे सर्वदूर होती. बाळाच्या अंगावरचा पांढरा चिकट थर अमंगळ समजून तो चोळून काढत. प्रत्यक्षात तो थर कातडीचे रक्षण करतो. त्यात जंतूंना अटकाव करणारे घटक असतात आणि तो आपोआप मुरतो. जागतिक आरोग्य संघटनेने २०२२ मध्ये प्रसूतीनंतरच्या काळजीविषयी मार्गदर्शन प्रसिद्ध केले. पहिली आंघोळ किमान २४ तास पुढे ढकलावी, असे त्यात सांगितले आहे. चालीरीतीमुळे तेवढे थांबणे शक्य नसेल, तर निदान सहा तास.

महाराष्ट्रात या प्रश्नाला गडचिरोलीमुळे वेगळे वजन आले. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेने १९९० च्या दशकात तिथल्या ३९ गावांमध्ये घरोघरी नवजात बाळांची काळजी घेण्याचा प्रयोग केला आणि ४७ गावांशी त्याची तुलना केली. गावातल्याच, थोड्या शिकलेल्या बायकांना शिकवून तयार केले. त्या बाळाचे वजन घेत, तापमान मोजत, ऊब राखायला शिकवत, जंतुसंसर्ग ओळखून उपचार करत. 'लॅन्सेट'मध्ये १९९९ साली आलेल्या निष्कर्षानुसार तिसऱ्या वर्षी नवजात मृत्यूंचे प्रमाण तुलनेच्या गावांपेक्षा ६२ टक्क्यांनी घटले. हे श्रेय एकट्या उबेचे नाही. संसर्गावरच्या उपचारांचा त्यात मोठा वाटा आहे. पण बाळ गार पडणे ही मोजण्याजोगी आणि घरच्या घरी टाळण्याजोगी गोष्ट आहे, हे त्या कामाने दाखवून दिले. आज आशा कार्यकर्ती पहिल्या ४२ दिवसांत सहा-सात वेळा घरी येते, त्या योजनेमागे हाच अनुभव आहे.

कोष्ण आणि कढत

वाग्भटाच्या 'अष्टांगहृदया'त उत्तरस्थानाचा पहिलाच अध्याय 'बालोपचरणीय' आहे. त्यात बाळाच्या स्नानाच्या पाण्याला 'कोष्ण' म्हटले आहे, म्हणजे किंचित उष्ण. ते कसे करायचे, तर तापवलेले सोने-रुपे पाण्यात बुडवून. धातूचा एवढासा तुकडा भांडेभर पाण्याला जेमतेम ऊब देईल. कढत करणार नाही. जुन्या ग्रंथात कोष्ण असलेले पाणी मोरीत येईपर्यंत कढत कसे झाले, कोण जाणे. कडकडीत पाण्याने बाळाचा अंगठणका जातो, हाडे भरतात, ही समजूत मात्र पक्की रुजली.

न्हाऊ घालणाऱ्या बायांना पाणी किती गरम असावे असे विचारले, तर उत्तर ठरलेले असते: हाताला सोसेल इतके. कोणाच्या हाताला? वर्षानुवर्षे भांडी घासलेल्या, तव्यावरची भाकरी बोटांनी उलटणाऱ्या हाताला बरेच सोसते. बाळाची कातडी मोठ्या माणसाच्या कातडीपेक्षा पातळ असते. भाजण्याचा वेग किती, हे मॉरिट्झ आणि हेन्रिक्स यांनी १९४७ साली मोजून ठेवले आहे. ६० अंशांच्या पाण्याने मोठ्या माणसाची कातडी सुमारे पाच सेकंदांत खोल भाजते. बाळाला त्याहून कमी वेळ पुरतो, आणि चटका बसला तरी त्याला अंग काढून घेता येत नाही. घरातल्या गीझरचे पाणी ६० अंशांपर्यंत सहज जाते. गच्चीवरच्या सोलरचे पाणी कडक उन्हाच्या दुपारी त्याच्याही वर जाते. तेव्हा पाणी तपासायचे ते कोपराने किंवा मनगटाच्या आतल्या बाजूने. तिथे ते गरमही लागू नये, गारही लागू नये. तापमापक असेल तर ३७ ते ३८ अंश.

आता विसणाचा हिशेब. आपल्याकडे टाकीतले पाणी साधारण २७ अंशांचे धरले, तर उकळत्या पाण्याच्या एका तांब्याला सहा तांबे विसण लागते, तेव्हा मिश्रण ३७ अंशांच्या आसपास येते. थंडीत पाणी २० अंशांवर उतरले की चार तांबे पुरतात. गीझरचे ६० अंशांचे पाणी असेल तर एकास दोन. म्हणजे बाळाच्या आंघोळीत विसणच मुख्य पाणी असते आणि कढत पाणी वरून घालायची गोष्ट. विसण आधी ओतले की मिश्रण गारापासून उबेकडे चढत जाते. मध्येच फोन वाजला, दार वाजले, मोठे भावंड येऊन पाण्यात हात घालून बसले, तरी कोणी भाजत नाही. कढत आधी ओतले तर घंगाळ काही काळ सापळा बनून राहते. शिवाय गरम पाणी हलके असल्याने वर तरंगते; तळापर्यंत हात फिरवून ढवळल्याशिवाय तपासणीला अर्थ नाही. आणि बाळ पाण्यात किंवा मांडीवर असताना वरून गरम पाणी मिसळायचे नाही, चालू नळाखाली तर त्याला कधीच धरायचे नाही. नळाचे पाणी एका क्षणात बदलते.

बादलीत विजेचा रॉड टाकून पाणी तापवणारी घरे अजून पुष्कळ आहेत. तिथे बटण बंद करून आणि प्लग काढूनच पाण्याला हात लावायचा, आणि तोवर रांगते मूल त्या खोलीच्या बाहेर ठेवायचे.

श्वासाच्या वाटा

बाळाला वारा लागू नये म्हणून आपण न्हाणीघराची खिडकी बंद करतो. उबेच्या दृष्टीने हे बरोबर आहे. पण त्याच बंद न्हाणीघरात गॅसचा गीझर असेल, तर ज्वाळा खोलीतला प्राणवायू वापरते आणि कार्बन मोनॉक्साइड साचू लागतो. त्याला रंग नाही, वास नाही. गॅस गीझरमुळे बंद न्हाणीघरात माणसे गुदमरून गेल्याच्या बातम्या आपल्याकडे हिवाळ्यात येतात. बाळाचा श्वासाचा वेग मोठ्यांहून जास्त असल्याने हे विष त्याच्या अंगात लवकर भिनते. असा गीझर बाहेर किंवा चांगले वायुवीजन असलेल्या जागीच हवा. नसेल तर बादली भरून घ्यावी, गीझर बंद करावा, दार उघडे ठेवून हवा बदलू द्यावी आणि मगच बाळाला आत न्यावे. बाळंतिणीच्या बंद खोलीत ठेवलेल्या कोळशाच्या शेगडीलाही हेच लागू आहे. ओवा, ऊद, वावडिंग यांच्या धुरीचा वास घराला प्रिय असतो. पण धूर म्हणून तो चुलीच्या धुराहून वेगळा नाही आणि कोवळ्या फुप्फुसांना त्रासच देतो.

नाकात-कानात तेल सोडणे ही याच यादीतली गोष्ट. नाकातले तेल श्वासनलिकेतून फुप्फुसात उतरले तर तिथे सूज धरते आणि ती लवकर हटत नाही. आंघोळीनंतर बाळाच्या नाकात फुंकर मारून ते साफ करायची सवय म्हणजे आपल्या तोंडातले जंतू थेट त्याच्या श्वासमार्गात धाडणे. बाळाच्या स्तनांतला 'चीक' पिळून काढू नये. आईच्या संप्रेरकांमुळे आलेली ती सूज काही आठवड्यांत आपोआप उतरते. पिळले तर गळू होते. टाळूदेखील तेलाने भरत नाही. हाडे वाढतात तशी ती साधारण वर्ष-दीड वर्षात आपली आपण भरते. वरून हलके तेल लावायला हरकत नाही, थापटायचे नाही.

आणि शेवटी पाणी स्वतः. आपल्या शहरांत नळाला ठरावीक वेळीच पाणी येते, म्हणून मोरीत बादल्या आणि पिंपे भरून ठेवलेली असतात. रांगत्या मुलाचे डोके जड आणि हातपाय दुबळे असतात. बादलीच्या काठाला धरून आत वाकले की ते उलटे पडते आणि त्याला बाहेर येता येत नाही. वीतभर पाणीही नको, चार बोटे पुरते. हे घडताना आवाज होत नाही. टॉवेल आणायला, गॅस बंद करायला गेलेल्या दोन मिनिटांत ते घडते. यावर यंत्र नाही, टबातली बैठकही नाही. सगळे सामान हाताशी घेऊनच बसायचे, उठावेच लागले तर बाळाला उचलून सोबत न्यायचे, आणि आंघोळ झाल्याबरोबर टब उलटा व बादलीवर झाकण.

पीठ, साबण, तेल

कातडीच्या प्रश्नाचे उत्तर त्या मानाने सोपे आहे. डाळीच्या पिठाने अंगावरची लव जाते असे म्हणतात. ती लव काही आठवड्यांत गळणारच असते. पिठाच्या घासण्याने जातो तो कातडीचा वरचा पातळ थर. मात्र पिठाऐवजी आलेला साबण फार बरा आहे असेही नाही. निरोगी कातडी किंचित आम्लधर्मी असते, साधा साबण अल्कधर्मी. पहिले काही महिने नुसते पाणी आणि लागेल तिथे सौम्य साबणाचा थेंब एवढे भागते. रोजची आंघोळ ही गरज नव्हे, सोय आहे. नाळेचा देठ पडेपर्यंत तो कोरडा ठेवावा, त्यावर काही लावू नये. घडीघडीत, मानेखाली, जांघेत साचलेले दूध आणि ओल मात्र रोज पुसायला हवी.

मालीश ही साखळीतली मजबूत कडी. तेलाचा पातळ थर अंगातला ओलावा टिकवतो. मुंबईतल्या डॉक्टरांनी २००५ साली प्रसिद्ध केलेल्या एका तुलनेत, खोबरेल तेलाने मालीश केलेल्या अपुऱ्या दिवसांच्या बाळांचे वजन खनिज तेलाने मालीश केलेल्यांपेक्षा अधिक वेगाने वाढले. मालीश हलक्या हाताची हवी. अंग पिळणे, हातपाय ताणणे, पायांना धरून उलटे टांगणे यांचा तेलाशी काही संबंध नाही.

रडणे आणि खिदळणे

'न्हाताना रडले की फुप्फुसे उघडतात' असे म्हणून आपण बाळाचे रडणे सोडून देतो. फुप्फुसे जन्मताच उघडलेली असतात. न्हाताना बाळ रडते ते बहुधा तीनपैकी एका कारणाने: पाणी गरम किंवा गार आहे, भूक लागली आहे, किंवा पाठीखालचा आधार सुटल्यासारखे वाटून ते दचकले आहे. दचकल्यावर दोन्ही हात पसरणे ही नवजात बाळाची उपजत प्रतिक्रिया आहे. यावर उपायही साधे आहेत. दूध पिऊन अर्धा-पाऊण तास झालेला असावा. बाळाला पातळ पंचात सैल गुंडाळून तसेच पाण्यात उतरवावे आणि एकेक अवयव उघडून धुवावा. अशा आंघोळीत बाळे कमी रडतात. पाणी डोक्यावरून अचानक न ओतता पायांकडून वर यावे.

नवजात बाळाला वीतभर अंतरावरचा चेहरा सर्वांत नीट दिसतो, आणि आईचा आवाज ते पोटात असल्यापासून ओळखते. न्हाऊ घालणाऱ्याचे तोंड नेमके तेवढ्या अंतरावर असते. तेव्हा बाळाशी बोलत राहणे, आता पाय, आता पोट, आता बगल असे रोज त्याच क्रमाने सांगत जाणे, हाच पहिल्या महिन्यांतला खेळ. चौथ्या-पाचव्या महिन्यात बाळाला शोध लागतो की आपण हात आपटला की पाणी उडते. मग ते पुन्हा आपटते, आपल्या तोंडाकडे बघते आणि खिदळते. बसू लागलेल्या मुलाला फुलपात्र, चाळणी, लाकडी चमचा दिला की पुरे. दाबून पाणी उडवणाऱ्या रबरी बदकांच्या पोटात ओल आणि बुरशी साचते. चाळणीत काही साचत नाही.

हे सगळे जिच्या हातात होते ती बाई आता शहरांत सहज मिळत नाही, आणि आजी दुसऱ्या गावी असते. पुण्यातल्या किंवा परदेशातल्या फ्लॅटमध्ये दोघे नवे आईबाप बाळ, टब आणि दहा सल्ले घेऊन उभे असतात. त्यांनी बाईची बसण्याची ढब, तेलाचा हात, दुपटे आधी पसरण्याची शिस्त आणि तिची अखंड बडबड जरूर घ्यावी. धुरी, फुंकर, नाकातले तेल आणि कढत पाणी सोडून द्यावे.

येत्या नरक चतुर्दशीला अनेक घरांत एखाद्या बाळाचे पहिले अभ्यंगस्नान असेल. पहाटेच्या गारव्यात ते उरकायची काही गरज नाही. मोठ्यांचे होऊ द्यावे, उजाडू द्यावे, ऊन दारात येऊ द्यावे. सुगंधी उटणे बाळाला नको, तेलाचे बोट पुरे. ओवाळताना निरांजन तेलकट अंगापासून आणि दुपट्यापासून हातभर लांब असावे. आणि पाणी काढताना, घंगाळ असो की प्लास्टिकचा टब, आधी विसण.